कीचक आणि सावकार : झुंझारराव पवारांची पाच वर्षं

दुधाळी

मंडळी, कोल्हापूरची महाराष्ट्र फिल्म कंपनी काढणाऱ्या दिग्दर्शक बाबुराव पेंटरांवर इथं बरंच लिहून झालंय. शांतारामबापूंवर आणि दामले-फत्तेलालांवर तर वेगवेगळे धागे आहेत. आज मला ज्यांच्याबद्दल लिहायचंय त्यांचं नाव या सगळ्यांच्या गोष्टीत येतं, पण कंसात येतं. झुंझारराव पवार.

१९२० चा मूकपट 'सैरंध्री', त्यात कीचक (झुंझारराव पवार). १९२५ चा 'सावकारी पाश', त्यात सावकार (झुंझारराव पवार). कंस बंद, लेखक पुढच्या वाक्याला लागला. हे मी इतक्या वेळा वाचलं की शेवटी त्या दोन कंसांपाशीच थांबलो. कारण या दोन भूमिका शेजारी ठेवल्या तर त्यांच्यामध्ये फार मोठं अंतर दिसतं, आणि ते अंतर चालून जाणारा माणूस एकच आहे.

आधी कीचक. आपण आज कीचक म्हणजे महाभारतातला एक दुष्ट माणूस एवढंच समजतो. १९२० च्या मराठी प्रेक्षकाला तो तेवढाच नव्हता. खाडिलकरांचं 'कीचकवध' १९०७ ला रंगभूमीवर आलं होतं. लोकांनी त्यातल्या कीचकात सरळ लॉर्ड कर्झनला ओळखलं, आणि सरकारनंही ओळखलं. १९१० मध्ये नाटकावर बंदी आली, आणि 'सैरंध्री' पडद्यावर आला तेव्हाही ती बंदी उठलेली नव्हती. म्हणजे जो कीचक रंगमंचावर उभा राहू शकत नव्हता, तो कोल्हापूरच्या कंपनीनं पडद्यावर उभा केला. ७ फेब्रुवारी १९२० ला पुण्याच्या आर्यन थिएटरात तो लागला. टिळकांनी पेंटरांना 'सिनेमा केसरी' म्हटलं, हे आपण सगळेच अभिमानानं सांगतो. पण त्या अंधारात बसलेल्या लोकांच्या मनात दहा वर्षं साठलेला राग नेमका कुणाच्या तोंडावर जाऊन पडला असेल? झुंझाररावांच्या. बाळासाहेब यादवांचा भीम जेव्हा त्यांना लोळवतो, तेव्हा लोक नुसती मारामारी बघत नव्हते. तो वध इतका खराखुरा वठला की सेन्सॉरनं त्याला कात्री लावली. भीमाच्या ताकदीचं कौतुक झालं ते योग्यच. पण मरणारा नीट मेला नाही, तर मारणारा कितीही ताकदीचा असला तरी प्रसंग उभा राहत नाही, हे नाटकात काम केलेला कुणीही सांगेल.

आता सावकार. मुकुट गेला, भरजरी शेला गेला, गळ्यातल्या माळा गेल्या. समोर एक शेतकरी आहे, तरुण, म्हणजे शांताराम. आणि त्याची जमीन गिळणारा एक माणूस आहे. तो शेतकरी जमीन गमावून शहरात जातो आणि गिरणीत कामाला लागतो. इथं वध नाही, भीम येत नाही. कीचक मरतो, सावकार मरत नाही. पाच वर्षांपूर्वी ज्यानं प्रेक्षकाचा सगळा राग अंगावर घेऊन तो मोकळा करून दिला, त्याच नटानं आता तो राग प्रेक्षकाच्या पोटात तसाच ठेवून घरी पाठवला.

आपल्या सिनेमातला दुष्ट माणूस पुराणातून गावात आला, तो या एका माणसाच्या अंगातून आला, असं माझं म्हणणं आहे. लहानपणी मी रोज खरी कॉर्नरच्या कॅमेरा स्तंभावरून शाळेला जायचो. महाराष्ट्र फिल्म कंपनीची ती खूण आहे हे मास्तरांनी सांगितलं होतं. कॅमेऱ्याला खूण मिळाली याचा मला आनंदच आहे. कॅमेऱ्यासमोर जे उभे राहिले त्यांच्याबद्दल या धाग्यावर बोलूया.

करवीरकर

दुधाळी, धागा छान काढलात. थोडी भर घालतो आणि एक मतभेदही नोंदवतो.

भर अशी. या कंपनीला नट मिळाले ते कसल्या गावात, हे लक्षात घ्या. शाहू महाराजांनी खासबागेचं कुस्ती मैदान बांधून घेतलं १९१२ मध्ये. पेठेपेठेत तालीम. पहाटे उठून जोर-बैठका मारणारी, तांबड्या मातीत लोळलेली पोरं पायलीला पन्नास. मैदानाशेजारीच महाराजांनी बांधलेलं पॅलेस थिएटर, ज्याला आपण आज केशवराव भोसले नाट्यगृह म्हणतो. एका भिंतीपलीकडं कुस्ती, अलीकडं संगीत नाटक. जगात दुसरीकडं असा शेजार असेल तर मला ठाऊक नाही. मूकपटाला गळा लागत नव्हता, शरीर लागत होतं. मुंबई-पुण्याच्या नाटक कंपन्यांत गाणारा नट राजा होता आणि बाकीचे त्याच्या मागं उभे. इथं पडद्यावर मात्र उभं कसं राहायचं, पडायचं कसं, घोड्यावर बसायचं कसं, हे ज्याला येतं तो उपयोगाचा. 'सिंहगड' (१९२३) ला मुंबईत एवढी झुंबड उडाली की सरकारचं लक्ष करमणूक कराकडं गेलं, असं सांगतात. त्या चित्रात तानाजी बाळासाहेब यादव. आणि शेलारमामा कोण, तर तेव्हा जेमतेम बावीस वर्षांचे शांताराम. तरण्याताठ्या पोराला दाढी-मिशा लावून म्हातारा केला. म्हणजे कंपनीत नायकाचा नट वेगळा आणि चरित्र नट वेगळा अशी वाटणीच नव्हती. आज सेनापती, उद्या पुजारी, आणि काम नसेल त्या दिवशी पडदा धरून उभा.

आता मतभेद. सावकार पुराणातून गावात आला तो पेंटरांच्या डोक्यातून आला. ते स्वतः वेशभूषेची, प्रसंगांची चित्रं आधी काढायचे आणि नटाला दाखवायचे. नट त्या चित्रात जाऊन उभा राहायचा. श्रेय चित्रकाराचं आहे. झुंझारराव त्यांच्या हातातला कुंचला होते असं म्हणा हवं तर, तेही मोठंच आहे.

दुधाळी

करवीरकर काका, तुमचं वाचूनच मी इथं शिकत आलोय, तरी या मुद्द्यावर तुमच्याशी भांडेन. चित्र काढून दाखवता येतं ते कसं उभं राहायचं त्याचं. समोरचा गरीब माणूस अंगठा उठवत असताना डोळ्यांत किती उतावीळ दाखवायची आणि किती लपवायची, हे कागदावर कसं काढणार? पेंटर फार मोठे होते, म्हणूनच तर त्यांना कळलं असणार की कीचक करणारा माणूसच सावकार करू शकेल. त्यांच्यापुढं दुसरे नट होते. त्यांनी हाच निवडला. निवडणाऱ्याचं श्रेय आहेच, पण ज्याला निवडला त्याच्यात काहीतरी होतं म्हणूनच निवडला.

फोकसपुलर

मी कॅमेऱ्यावर वीस वर्षं काम केलंय. त्या बाजूनं थोडं लिहितो, कारण तेव्हाच्या नटाचं काम किती अवघड होतं हे फिल्म समजल्याशिवाय कळत नाही.

तेव्हाची काळी-पांढरी फिल्म ऑर्थोक्रोमॅटिक असायची. तिला लाल रंग दिसायचाच नाही. लाल वस्तू पडद्यावर काळी यायची, निळी वस्तू पांढुरकी. निळं आभाळ म्हणून कोरं कोरं दिसतं त्या चित्रांत. आता विचार करा, आपल्याकडचा उन्हात रापलेला तांबूस चेहरा. तो फिल्मवर आहे त्यापेक्षा कितीतरी गडद येणार. ओठ काळे. कुंकू काळं. गालावर पुरळ असेल तर तो शाईचा ठिपका. म्हणून चेहऱ्याला फिकट रंगाचा लेप द्यायचा आणि त्यावर भुवया, डोळ्यांच्या कडा पुन्हा रेखायच्या. त्या लेपाखाली चेहऱ्याच्या बारीक हालचाली अर्ध्या बुजून जातात. पौराणिक चित्रात ते चालून जातं, कारण तिथं हातवारे मोठे, भुवई चढवली की पुरे. पण गावातला सावकार करायचा असेल तर? लेप जास्त लावला तर तो नाटकातला वाटणार, कमी लावला तर चेहरा काळा पडून डोळेच दिसणार नाहीत. दुधाळी म्हणतात ती डोळ्यांतली उतावीळ याच चिंचोळ्या वाटेतून पडद्यापर्यंत न्यायची होती.

दुसरं, कॅमेरा हातानं फिरवायचा. सेकंदाला सोळाच्या आसपास चौकटी. एका फुटात सोळा चौकटी बसतात, म्हणजे सेकंदाला एक फूट फिल्म जाते. नटानं उगाच घेतलेला प्रत्येक सेकंद म्हणजे एक फूट. फिल्म परदेशातून यायची, पैसे मोजून यायची. 'पुन्हा एकदा करूया' हे आज आपण दिवसातून पन्नास वेळा म्हणतो, तेव्हा त्याला किंमत होती. आणि उजेड सूर्याचा. वरून पांढरं कापड ताणून ऊन मऊ करायचं, बाजूनं परावर्तक धरायचे. मार्चच्या कोल्हापुरी उन्हात, तोंडावर लेप, अंगावर जाड कपडे, समोर परावर्तकाची तिरीप डोळ्यांत, आणि डोळे बारीक करायचे नाहीत. हे मी आजच्या नटांना सांगतो तेव्हा त्यांना खोटं वाटतं.

'सावकारी पाश'मधली मंद उजेडातली झोपडी आणि ते रडणारं कुत्रं वाडियांच्या (चित्रपट दिग्दर्शक जे. बी. एच. वाडिया) मनात कित्येक वर्षांनंतरही घर करून होतं. त्या काळातल्या फिल्मवर अंधार टिकवणं म्हणजे काय हे मला विचारा. त्या अंधारात काम करणाऱ्या नटाला चेहऱ्याचा आधार फार कमी असतो. पाठ, मान, बसण्याची तऱ्हा, यांवरच सगळं.

तांबडापांढरा

दुधाळी दादा, लई भारी लिवलंयसा. मी काय सिनेमातला जाणकार न्हाई, शेतकऱ्याच्या घरातला हाय. पण सावकाराचं वाचलं आनि ऱ्हाववंना, म्हनून लिवतोय.

आमचा पणजा करवीर तालुक्यातला. त्याची गोष्ट आज्जा सांगायचा. सावकाराच्या ओसरीवर बसायचं ते पायरीखाली बसायचं. सावकार चोपडी उघडायचा, बोटाला थुंकी लावून पान उलटायचा, आनि काय लिवलंय ते वाचून दाखवायचा. वाचून दाखवलं तेच खरं, कारन आपल्याला वाचाय येत न्हवतं. शाईचं बोट पुढं केलं की अंगठा. आज्जा म्हनायचा, सावकार कवा वरडला न्हाई. कवा मारलं न्हाई. गूळ-पानी इचारायचा. 'पोरं बरी हायती न्हवं?' म्हनायचा. आनि पुढच्या वर्षी बांधाकडचं वावर त्येच्या नावावर.

सांगायचं काय, तर पडद्यावर कीचक बघितला की मानूस म्हनतो, ह्यो राक्षस हाय, आमच्या गावात असला न्हाई. सावकार बघितला की मानूस शेजारच्या खुर्चीकडं बघतंय. गूळ-पानी इचारनारा दुष्ट मानूस उभा करनं सोपं न्हाई. तुमचं म्हननं मला पटलं.

आनि अजून एक. त्या टायमाला अर्ध्या लोकांस्नी पडद्यावरची पाटी वाचाय यायची न्हाई. जो शिकलेला असंल त्यो मोठ्यानं वाचायचा, मग सगळ्यांस्नी कळायचं. म्हंजे पडद्यावर अडानी शेतकरी सावकाराची चोपडी ऐकतोय, आनि खाली बसलेला अडानी शेतकरी पाटी ऐकतोय. दोगंबी दुसऱ्याच्या वाचन्यावर इस्वास ठेवून.

करवीरकर

तांबडापांढरा, तुमच्या शेवटच्या परिच्छेदानं मला गप्प केलं.

फक्त इतिहासाची एक जोड देतो. १८७५ मध्ये सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांत शिरून कर्जरोखे काढले आणि जाळले. तो वणवा पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरला. त्यातूनच १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांसाठीचा कायदा आला. 'सावकारी पाश' लागला तेव्हा त्या गोष्टीला पन्नास वर्षं झाली होती. आज्यानं रोखे जाळलेले असतील असा नातू प्रेक्षकांत बसलेला असणं अगदी शक्य होतं. लोकांनी जाळले ते कागद. माणसाला क्वचितच हात लावला. तुमचा आज्जा सांगायचा ते आणि हे एकच आहे, राग कागदावर होता. त्यामुळं चोपडी हातात धरणारा नट हा त्या चित्रातला सगळ्यात अवघड माणूस ठरतो. दुधाळी, कुंचल्याची उपमा मी मागं घेतो.

मंगळवारपेठ

वाचते आहे आणि फार बरं वाटतंय. पण एका गोष्टीकडे कुणाचंच लक्ष गेलं नाही, म्हणून लिहिते.

'सावकारी पाश'मध्ये कमलादेवी होत्या. मूळच्या गुलाबबाई. 'सैरंध्री'त त्यांच्याबरोबर अनसूयाबाई होत्या, पडद्यावर सुशीलादेवी. फाळक्यांना १९१३ मध्ये तारामतीच्या भूमिकेसाठी बाई मिळाली नाही आणि एका उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंकेंना त्यांनी साडी नेसवली, हे शाळकरी मुलालाही ठाऊक असतं. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये तर साळुंके रामही होते आणि सीताही. मग कोल्हापुरात १९२० मध्ये दोन बाया खऱ्याखुऱ्या कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या, याची आठवण शाळकरी मुलांना का नसते? त्यांच्याशी लोक तुटकपणे वागले, त्यांना वाळीत टाकल्यासारखं झालं. कंपनीच्याच आवारात त्यांना आसरा मिळाला.

झुंझाररावांचा कीचक वाईट वाटला तो समोर खरी बाई होती म्हणूनही. साडी नेसलेल्या पुरुषाच्या मागे लागलेला कीचक बघताना प्रेक्षकाच्या मनात कुठेतरी एक सुटका असते, की हे नाटक आहे. गुलाबबाई-अनसूयाबाईंनी ती सुटका काढून घेतली. मग तो कीचक अंगावर येतो. हे श्रेय मला त्या दोघींच्या पदरात घालायचं आहे, आणि तुम्ही घालाल अशी खात्री आहे.

मूकपट बघायला मिळत नाहीत म्हणून आपण अंदाजानं बोलतो. पण चरित्र नट म्हणजे काय हे डोळ्यांनी बघायचं असेल तर 'संत तुकाराम' (१९३६) काढा आणि फक्त गौरीबाईंची जिजाई बघा. तुकाराम झालेल्या विष्णुपंत पागनीसांवरून नजर काढणं कठीण जातं, तरी काढा. आजारी पोराला घेऊन ती देवळात शिरते आणि पायातली वहाण उपसते ती थेट विठ्ठलावर. त्या वेळी तिच्या पदराकडे बघा, कसा खेचून कमरेला खोचलेला आहे. कामात असलेल्या बाईचा पदर तसाच असतो. ते कुणी चित्र काढून दाखवलेलं नाही. गौरीबाई प्रभात फिल्म कंपनीमध्ये किरकोळ कामं करत, गर्दीत उभं राहत वर आलेल्या. व्हेनिसला १९३७ मध्ये ज्या चित्राचं कौतुक झालं त्यात ही बाई आहे.

दुधाळी

ताई, तुम्ही लिहिलेलं वाचून मूळ लेखात माझं किती राहून गेलं ते समजलं. खरं आहे. कीचकाचं वाईटपण सैरंध्रीच्या भीतीवर उभं असतं, आणि ती भीती कुणाची होती हे मी लिहिलंच नाही.

'सावकारी पाश' चालला नाही, हेही इथं नोंदवायला हवं. लोकांना पुराण आणि इतिहास हवा होता. पेंटर पुन्हा पौराणिक-ऐतिहासिक चित्रांकडं वळले. मग १ जून १९२९ ला शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर यांनी सीतारामपंत कुलकर्ण्यांबरोबर प्रभात काढली, तीही कोल्हापुरातच, आणि १९३३ मध्ये ती पुण्याला गेली. मधेच १९३१ मध्ये बोलपट आला. ६ फेब्रुवारी १९३२ ला 'अयोध्येचा राजा' लागला, त्यात हरिश्चंद्र कोण, तर गोविंदराव टेंबे. गाणारे, पेटीवर बोटं फिरवणारे. म्हणजे दहा-बारा वर्षं ज्या शरीरांनी पडदा सांभाळला, त्यांच्यापुढं पुन्हा गळा येऊन उभा राहिला. करवीरकर काकांनी वर म्हटलं तेच उलटं फिरलं.

पेंटरांनी १९३६ मध्ये 'सावकारी पाश' पुन्हा केला, बोलपट म्हणून, शालिनी सिनेटोनमध्ये. दहा-अकरा वर्षांनी त्याच गोष्टीकडं परत यावंसं वाटलं त्यांना. न चाललेल्या चित्राकडं माणूस पुन्हा कधी जातो? त्यात काहीतरी खरं हाताला लागलं होतं अशी खात्री असेल तेव्हाच. मी तर म्हणेन, त्या मूक सावकाराची आठवण त्यांनाही सोडत नव्हती.

नाट्यगृहमागे

गेले चार दिवस हा धागा रोज वाचतेय. लिहू की नको करत होते.

माझे पणजोबा महाराष्ट्र फिल्म कंपनीत सुतार होते. नट नव्हेत. रथाची चाकं, सिंहासनं, लाकडी तलवारी त्यांच्या हातच्या. आमच्या घरी कंपनीतले तीन फोटो होते. वडिलांनी त्यांतले दोन एका कार्यालयात दिले, प्रदर्शनासाठी म्हणून. पावती घेतली नाही. प्रदर्शन झालं, फोटो परत आले नाहीत. वडील दर महिन्याला फेरी मारायचे. 'साहेब बदलले', 'कपाटाची किल्ली नाही', 'पुढच्या आठवड्यात या'. दोन वर्षं गेले, मग थांबले. नंतर आमच्या घरात त्या विषयावर कुणी बोलायचं नाही, वडिलांना त्रास व्हायचा. तिसरा फोटो आत्याच्या ट्रंकेत राहिला, कारण तो तिच्या लग्नाच्या साड्यांत गुंडाळलेला होता.

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री नाट्यगृहाला आग लागली तेव्हा आम्ही गच्चीवरून बघत होतो. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती होती. आत्या म्हणाली, उद्या माझी ट्रंक उघड. तेव्हापासून तो फोटो माझ्याकडे आहे. तो नीट कसा ठेवायचा हे मला कुणीतरी सांगा. दुकानदार म्हणतो लॅमिनेट करा.

कागदपत्र

ताई, लॅमिनेट मुळीच करू नका. कृपा करून करू नका. उष्णतेनं फोटोवरचा थर प्लास्टिकला चिकटतो आणि मग तो कुणालाच सोडवता येत नाही. मी जुन्या कागदांचं काम करतो, असे मेलेले फोटो दर महिन्याला बघतो.

तुमचा फोटो बहुतेक चांदीच्या क्षारांवर छापलेला असेल. कडेला तिरपं धरलं की आरशासारखी निळसर चकाकी दिसते का बघा. ती चांदी वर आलेली असते, पुसायला जाऊ नका. हात धुऊन, कोरडे करून, फक्त कडांना धरा. साड्यांत डांबराच्या गोळ्या असतील तर फोटो आधी तिथून बाहेर काढा. आम्लमुक्त कागदाच्या पाकिटात घाला, तो नाही मिळाला तर सध्या साधा सुती कोरा कागद चालेल. वर्तमानपत्र नको, प्लास्टिकची पिशवी नको. भिंतीला लागून ठेवू नका, आपल्याकडच्या पावसात भिंत पाझरते. मागं काही लिहायचं असेल तर मऊ पेन्सिलीनं, कडेला, दाब न देता. स्कॅन करताना दोन्ही बाजू करा. लोक पुढची बाजू करतात आणि माहिती मागं असते. सहाशे डीपीआय पुरे.

दोन फोटो गेले याचं फार वाईट वाटलं. तिसऱ्याचं मोल म्हणूनच सांगतो. मूकपटांच्या काळात आपल्या देशात हजाराहून जास्त चित्रं निघाली, त्यांतली हाताच्या बोटांवर थोडी वर मोजावीत इतकीच उरली आहेत. नायट्रेटची फिल्म, ठिणगीला पेट घेणारी. जी जळली नाही ती आपोआप कुजली, आणि जी कुजली नाही ती चांदी काढायला भट्टीत गेली. पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झालं १९६४ मध्ये, तोवर कोल्हापूरच्या कंपनीचं जवळजवळ सगळं संपलं होतं. २००३ च्या जानेवारीत तिथल्या नायट्रेटच्या साठ्याला आग लागली, त्यात आणखी गेलं. पेंटरांच्या 'मुरलीवाला'चा (१९२७) काही भाग आहे, तेवढाच आधार. 'सैरंध्री' नाही. 'सावकारी पाश' नाही. त्यामुळं दुधाळी ज्या माणसाबद्दल लिहितात त्याची हालचाल आता कुणालाही बघता येणार नाही. स्थिर चित्रं, तीही तुमच्यासारख्यांच्या ट्रंकांमध्ये. नटांचेच फोटो महत्त्वाचे असं समजू नका. सुताराचा फोटो पण बाहेर काढा.

नाट्यगृहमागे

स्कॅन केला. दोन्ही बाजू. खाली जोडला आहे.

मागं शाईनं फक्त 'कंपनी, दुपारची सुटी' एवढं आहे. पणजोबांचं अक्षर आहे, आत्यानं ओळखलं. पुढं अकरा पुरुष आणि एक मुलगा. मागं राजवाड्याचे खांब रंगवलेला पडदा. खाली पडदा जिथं संपतो तिथं आपली साधी जमीन, एक तांब्या, आणि भाकरीचं फडकं. पणजोबा डावीकडे उभे आहेत, कानावर पेन्सिल. तो मुलगा म्हणजे आजोबांचे थोरले भाऊ. बाकी दहा जण.

करवीरकर

लेकी, डोळ्यांत पाणी आलं. कानावरची पेन्सिल.

फोकसपुलर

ताई, मी तो मोठा करून बघितला. एक गोष्ट सांगतो, लक्ष देऊन बघा.

बसलेल्या रांगेत उजवीकडून तिसरे गृहस्थ. सगळ्यांसारखंच धोतर, अंगात साधी बंडी, डोक्याला काही नाही, हातात भाकरी. अगदी बाकीच्या कामगारांसारखे. पण त्यांचे ओठ बघा. पूर्ण काळे आले आहेत, आणि भुवयांच्या कडा सुरीनं कापल्यासारख्या. बाकीच्यांचा चेहरा आणि मान एकाच रंगाची आहे, यांचा चेहरा फिकट आणि मान गडद. कॉलर नसल्यामुळं ती रेष हनुवटीखाली स्पष्ट दिसते. ओठ आणि भुवया रंगवलेल्या, लेप अजून उतरवलेला नाही. म्हणजे हा माणूस त्या दिवशी काम करत होता आणि सुटी संपल्यावर पुन्हा उभा राहणार होता. मांडीवर जे कापड दिसतंय ते फडकं नसावं, त्याला जरीचा काठ आहे. तो शेला आहे, आणि भाकरीचे कण पडू नयेत म्हणून उलटा घडी घातलाय.

दुधाळी

ही नजर माझ्याकडं नव्हती. मी नुसते चेहरे मोजत बसलो होतो.

ते कोण, हे मी ओठांवरून ठरवणार नाही, तसा मोह झाला तरी. ताई, तुमच्या आत्यांना विचाराल का? नाव नको. पणजोबा त्या माणसाला घरात काय म्हणायचे, तेवढं.

नाट्यगृहमागे

आत्या आत्ता झोपलीय. सकाळी चहाच्या वेळी फोटो तिच्या हातात देते, मग विचारते. आज मंगळवार पेठेतून येताना पाकिटं मिळाली, कागदपत्र दादांनी सांगितलेली. दोन घेतली. एक रिकामं ठेवलंय.